चौथ्या दिवशी हाडं दुखायला हवीत

माझ्या कामात समोरच्या माणसाची हाडं दुखायला लागली की मला हायसं वाटायचं. हे वाचून मी खाष्ट बाई आहे असं कुणाला वाटलं तर घरचे लगेच दुजोरा देतील. पण आधी काम काय होतं ते ऐका, मग ठरवा.

चेन्नईतल्या एका खाजगी हॉस्पिटलात, बोनमॅरो बदलण्याच्या विभागात, मी अठ्ठावीस वर्षं तंत्रज्ञ होते. गेल्या वर्षी निवृत्त झाले. आपलं रक्त हाडांच्या आतल्या मगजात तयार होतं, हे शाळेत सगळ्यांनीच वाचलेलं असतं आणि सगळेच विसरलेले असतात. त्या मगजात थोड्याशा मूळपेशी असतात. तांबड्या पेशी, पांढऱ्या पेशी, रक्त गोठवणाऱ्या प्लेटलेट, सगळं त्यांच्यापासूनच रोज नव्याने होतं. घरात दही लावायला चमचाभर विरजण राखून ठेवतात ना, तसं देवाने हाडात ते राखलेलं असतं. हे विरजणच नासलं, म्हणजे रक्ताचा कॅन्सर झाला किंवा मगज आटला, की मग आमच्याकडे यावं लागतं.

उपाय सांगायला सोपा आहे. जबरदस्त औषधं देऊन रोग्याचा सगळा मगज जाळून साफ करायचा आणि दुसऱ्या निरोगी माणसाच्या मूळपेशी शिरेतून सोडायच्या. त्या रक्तातून फिरत फिरत आपणहून हाडांत जाऊन बसतात. कशा वाट काढतात कोण जाणे, चेन्नईत नव्याने आलेल्या माणसाला माम्बलमचं स्टेशन इतक्या लवकर सापडत नाही. पण एक गोष्ट लक्षात ठेवा. मगज जाळल्यावर परत फिरायला वाट नाही. दात्याच्या पेशी आल्या नाहीत, किंवा कमी आल्या, तर जंतू लागू नयेत म्हणून काचेच्या खोलीत ठेवलेल्या त्या माणसाकडे स्वतःचं असं काहीच उरलेलं नसतं. मी जन्मजात काळजीखोर. असल्या माणसाने हा धंदा पत्करू नये, किंवा फक्त असल्याच माणसाने पत्करावा, हे मला अजून ठरवता आलेलं नाही.

दाता बहुधा सख्खा भाऊ किंवा बहीण. पेशींचा गुण जुळण्याची शक्यता चारात एक. त्याला चार दिवस एक इंजेक्शन द्यायचं. त्याने मूळपेशी वाढतात आणि हाडांतून बाहेर रक्तात येतात. मगज असा भरला की कंबर, मांड्या, पाठ ठणकायला लागतात. तिसऱ्या-चौथ्या दिवशी दाता कण्हत आला की समजावं, काम झालं. पाचव्या दिवशी सकाळी त्याला माझ्या यंत्राला जोडायचं. एका हातातून रक्त येतं, यंत्र ते गरगर फिरवून हव्या त्या पेशी काढून घेतं, बाकीचं दुसऱ्या हातातून परत जातं. चार-पाच तासांनी टोमॅटोच्या साराच्या रंगाची एक पिशवी भरते. आठवडाभर जिच्या नावाने घरच्यांचे प्राण कंठाशी आलेले असतात, ती हीच.

आणि या पिशवीभोवती माणसं कशी वागतात म्हणता. एकाने विचारलं होतं, माझा भाऊ मासे खातो, त्याच्या पेशी घेतल्यावर माझी एकादशी मोडेल का? एका निवृत्त तहसीलदारांनी मुलीला पिशवी लावायला आलेल्या डॉक्टरीणबाईंना दारातच थांबवलं, कारण राहुकाळ संपायला पाऊण तास होता. बाई थांबल्या, मीही थांबले. पिशवीला तेवढं चालतं. त्यानंतर आमच्या फळ्यावर रोजचा राहुकाळ कुणीतरी खडूने लिहून ठेवू लागलं, आणि तो पुसायचं धाडस कुणी केलं नाही. सांगायचा मुद्दा, लोकांच्या श्रद्धेची गाठ औषधाशी पडते हे मला चांगलं ठाऊक होतं. तरी घोळ झाला, आणि तो माझ्याच हातून, माझ्याच आत्याच्या घरी.

प्रसाद मूळचा मिरजेकडचा. चेन्नईजवळच्या ओरगडमच्या गाड्यांच्या कारखान्यात इंजिनिअर, वय एकतीस. रक्ताचा कॅन्सर निघाला, औषधांनी आटोक्यात आला, पण पुन्हा उलटू नये म्हणून मगज बदलणं भाग होतं. आई त्याच्यासोबत राहिली होती. थोरली बहीण मंगल, तिच्या पेशी पूर्ण जुळल्या. ती दोन मुलं सासरी ठेवून एकटीच आली. सासऱ्यांनी दहा दिवसांची मुभा दिली होती, तीही तोंड वाकडं करून.

आमच्या विभागात मराठी बोलणारं माणूस वर्षाकाठी एखादंच यायचं. आमचं घराणं तंजावरकडचं, साताठ पिढ्या इकडेच. आमची मराठी ऐकून पुण्याचे लोक आधी चकित होतात आणि मग हसू दाबतात. मंगल हसली नाही. तिला तमिळ येत नव्हतं, हॉटेलातलं सांबार घशाखाली उतरत नव्हतं, आणि हॉस्पिटलजवळच्या लॉजमध्ये खोलीगणिक कुणीतरी खोकत होतं. दात्याला साधं पडसं झालं तरी सगळं लांबणीवर पडतं. मला सुचलं की हिला आत्याकडे ठेवावं.

माझी आत्या पश्चिम माम्बलममध्ये एकटी राहते. तेव्हा अठ्ठ्याहत्तर वर्षांची, काटक, कडक सोवळ्याची. आमच्याकडे त्याला मडी म्हणतात. आमच्या वॉर्डातली एक नर्स तिच्या दोन गल्ल्या सोडून राहायची, ती ड्यूटीवर येता येता इंजेक्शन देईल असं ठरलं. पहिलं इंजेक्शन हॉस्पिटलात झालं. पुढच्या तीन दिवसांची बर्फाच्या पिशवीत घालून मी स्वतः आत्याकडे पोचवली.

आता माझी चूक. अशी औषधं घरी देताना आमच्याकडे एक छापील कागद असतो, तमिळ आणि इंग्रजीत. फ्रिजमध्ये ठेवा, बर्फाच्या कप्प्यात ठेवू नका, गोठलं तर वापरू नका. प्रत्येक ओळ वाचून दाखवायची आणि खाली सही घ्यायची. इतकी वर्षं तो कागद मी शेकडो लोकांना दिला, विमानाचे वैमानिक असोत की एन्नोरचे कोळी. मंगलला दिला नाही. आपलंच माणूस, आपल्याच भाषेत सांगू की, कागद कशाला! आत्याला म्हटलं, फ्रिजमध्ये ठेव आणि नर्स यायच्या तासभर आधी बाहेर काढ. आत्याने मान हलवली. मंगलने मान हलवली. घरात मराठी ऐकू येतंय याचंच मला इतकं कौतुक होतं की मी कॉफी पिऊन निघून आले.

चौथ्या दिवशी दुपारी मी फोन केला. हाडं कशी आहेत विचारलं. मंगल आनंदात होती. म्हणाली, "मला कुठं काय दुखतंय अक्का, उलट छान वाटतंय. आज आत्यांना चकल्या पाडू लागले."

तसे काही जणांना दुखत नाही, हे मी स्वतःला पाच-सहा वेळा सांगितलं. तिकडे प्रसादचा मगज जाळणाऱ्या औषधाचा शेवटचा डोस त्याच सकाळी संपला होता. त्याचा मगज गेला होता.

पाचव्या दिवशी सकाळी मंगलचं रक्त तपासलं. पांढऱ्या पेशी चारपट-पाचपट वाढलेल्या हव्यात, त्या जेमतेम वाढलेल्या. मूळपेशी मोजणाऱ्या यंत्राने जो आकडा दिला तो मी दुसऱ्यांदा मोजायला लावला, मग तिसऱ्यांदा. तोच. त्या आकड्यावर माणूस जगत नाही. मी मंगलच्या खाटेपाशी गेले, आवाज शक्य तितका साधा ठेवून विचारलं की इंजेक्शनं फ्रिजमध्ये नेमकी कुठे होती.

"वरच्या कप्प्यात. बर्फाच्या," ती म्हणाली. "खाली देवाचं दही आणि नैवेद्याचं पीठ असतं ना, त्याला शिवायला नको म्हणाल्या आत्या."

त्या फ्रिजची मांडणी मला पाठ होती. खालचे सगळे कप्पे मडीचे. बाहेरून आलेलं, चार हात लागलेलं, हॉस्पिटलातलं औषध तिथे आत्या कधीही ठेवणार नाही. वरचा बर्फाचा कप्पा तेवढा मोकळा, कारण त्या घरात आइस्क्रीम खात नाहीत. आत्याने अगदी प्रेमाने, स्वच्छ डबीत घालून, घरातली एकमेव मोकळी जागा त्याला दिली होती. आणि सांगितल्याप्रमाणे तासभर आधी बाहेर काढत होती, त्यामुळे नर्सच्या हातात येईतो बर्फ वितळलेला. कुणाला काही दिसायचा संबंधच नव्हता. गोठून वितळलेलं ते औषध पाण्याच्या मोलाचं झालं होतं. मी त्याच घरात लहानाची मोठी झाले. दुसऱ्या कुणाला नाही तरी मला हे सुचायला हवं होतं.

डॉक्टरीणबाईंना मी लगेच सगळं सांगितलं. त्यांनी कागदावर सही आहे का एवढंच विचारलं. मी नाही म्हटलं. त्या रागावल्या असत्या तर बरं झालं असतं. त्या म्हणाल्या, "आधी पेशी काढू. प्रसाद बाहेर आला की त्याच्या घरच्यांना काय झालं ते तू सांगायचंस."

नवी इंजेक्शनं वॉर्डातच सुरू केली, माझ्या हाताने; मंगलला कारण न सांगता, आणखी थोडी लागतील एवढंच म्हटलं. हाडांना चिकटलेल्या पेशी सुटाव्यात म्हणून आणखी एक औषध असतं, तेही दिलं. प्रसाद तिकडे काचेआड शून्य पांढऱ्या पेशींवर पडून होता, आणि साध्या हवेची मला भीती वाटत होती. पूर्ण चार दिवस थांबायला वेळ नव्हता, म्हणून तिसऱ्याच दिवशी मंगलला यंत्राला लावलं. पुरलं नाही. चौथ्या दिवशी पुन्हा लावलं. पाच-पाच तास दोन्ही हातांत सुया, ओठांना मुंग्या, आणि दर अर्ध्या तासाने तिचा एकच प्रश्न, पुरेल ना अक्का? मी म्हणायचे, बघू. दोन दिवसांचं मिळून जे जमलं ते लागतं त्या किमान आकड्याच्या नखभर वर होतं.

प्रसादच्या आईने विचारलं तेव्हा एका तरुण डॉक्टरने सांगितलं की बहिणीच्या पेशी जरा कमी आल्या, कधी कधी असं होतं. मी शेजारीच उभी होते. कधी कधी असं होतं हे खरंच आहे. मी काही बोलले नाही.

पेशी चढवल्यावर रोज अकरा वाजता रिपोर्ट यायचा. साधारण बारा-चौदा दिवसांत नव्या पांढऱ्या पेशी दिसू लागतात. बारावा गेला, चौदावा गेला, सोळावा गेला. सतराव्या दिवशी ताप आला. त्याची आई रिपोर्ट घेऊन येणाऱ्या माणसाच्या चपलांचा आवाज ओळखायला शिकली होती. मंगलची मुभा केव्हाच संपली होती, ती मिरजेला परत गेली होती. एकविसाव्या दिवशी रिपोर्टवर दोनशे आकडा दिसला, दुसऱ्या दिवशी साडेचारशे. मी साठा ठेवायच्या खोलीत जाऊन दार लावून रडले आणि तोंड धुऊन पुढच्या दात्याला सुई लावायला गेले.

प्रसाद बाहेर आला. मी सांगितलं नाही. हॉस्पिटलच्या आतल्या अहवालात चूक माझी म्हणून सही केली, पण त्या घरच्यांना नाही. स्वतःला म्हटलं, आत्या थकलेली आहे, तिने मनाला लावून घेतलं तर? म्हटलं, सगळं निभावलंय, आता उकरून काय करायचं? आत्याच्या नावाखाली मी माझी अब्रू झाकत होते, हे तेव्हाही मला कळत होतं.

दोन वर्षांनी, माझ्या निवृत्तीला महिना उरलेला असताना, प्रसाद तपासणीला आला. त्याच्या रक्तातला बहिणीचा वाटा किती, हे आम्ही मोजत असतो. तो शंभर टक्क्यांवरून घसरत चालला होता. म्हणजे जुना मगज पुन्हा डोकं वर काढू बघत होता, आणि त्याच्यामागून रोगही येऊ शकतो. बहिणीच्या पेशींचा आणखी एक डोस द्यायला हवा होता, आणि लवकर. प्रसाद माझ्या खोलीत येऊन बसला आणि म्हणाला, "ताई यायला तयार नाही."

मला वाटलं सासरचे अडवत असतील. त्याने मान हलवली. मंगल स्वतःच नाही म्हणत होती. माझ्या रक्तात दम नाही, मागच्या वेळी माझंच कमी पडलं, दुसरं कुणाचं तरी शोधा, असं तिचं म्हणणं. पुन्हा कमी पडलं आणि तू गेलास तर आईला तोंड कसं दाखवू, म्हणून फोनवर रडत होती. सासरी दोन वर्षं हाच विषय. भावाला द्यायला रक्तसुद्धा पुरलं नाही, पोरांना काय पुरणार, असं सासरे येता-जाता बोलायचे. दुसरा दाता आम्ही आधीच शोधून दमलो होतो, नव्हता.

दोन वर्षं मी प्रसादच्या जिवाची काळजी करत बसले होते. माझ्या गप्प बसण्याची किंमत कोण मोजतंय हे पाहायचं मला एकदाही सुचलं नव्हतं. मी लाजेने अर्धमेली झाले.

संध्याकाळी आत्याकडे गेले आणि सगळं सांगितलं. बर्फाचा कप्पा, कागद, मंगल. आत्या हातातल्या वाती वळत होती. मला वाटलं, आता ही कोसळणार. ती म्हणाली, "देवाच्या दह्याजवळ आसुपत्रीचें औषध नको म्हणून वर ठेवलें. मला ठाऊक नव्हतें. पण तुला ठाऊक होतें. दोन वर्षं तूं त्या पोरीला सांगितलें नाहींस?"

मी म्हटलं, तुला वाईट वाटेल म्हणून.

"मला वाईट वाटूं नये म्हणून तिला वाटूं दिलेंस? फोन लाव. मी बोलतें."

मंगलने फोन उचलला. आत्याने इकडचं तिकडचं काही केलं नाही. "मंगल, माम्बलमची आत्या बोलतें. तुझीं औषधें मी बर्फांत ठेवलीं, तीं बिघडलीं. तुझ्या रक्ताला कांहीं झालें नव्हतें." मग फोन माझ्या हातात दिला. मी उरलेलं सांगितलं. आत्याचा दोष नाही, कागद मी दिला नव्हता, आणि माहीत असून दोन वर्षं मी बोलले नाही.

ती अगदी हळू म्हणाली, "म्हणजे अक्का, माझं पुरेसं होतं?"

"पुरेसं होतं," मी म्हटलं. "औषध बिघडलं, दिवस वाया गेले, तरी तू त्याला जगवलंस."

ती रडली नाही. म्हणाली, "दोन वर्षं, अक्का." आणि फोन ठेवून दिला. त्यानंतरचे दोन दिवस मी काय खाल्लं ते मला आठवत नाही. तिसऱ्या दिवशी प्रसादचा निरोप आला की ताईने तिकीट काढलंय.

या वेळी एकेक इंजेक्शन वॉर्डात झालं. चौथ्या दिवशी मंगलला कंबर धरून बसवत नव्हतं. पाचव्या दिवशी एकाच सकाळी पिशवी भरली आणि वर उरली, ती जादा आम्ही गोठवून ठेवली. प्रसादच्या रक्तातला तिचा वाटा हळूहळू वर गेला आणि आता तिथेच टिकून आहे. दर तीन महिन्यांनी तो रिपोर्ट येईतो माझा जीव अजून टांगणीला असतो, निवृत्त झाले तरी.

त्या सगळ्या दिवसांत मंगल माझ्याशी कामापुरतंच बोलली. मला माफ केलं असं ती म्हणाली नाही, आणि तसं विचारण्याचं तोंड मला नव्हतं. निघताना मात्र ती माझ्या खोलीत आली. म्हणाली, "जे फोनवर सांगितलंत ते लिहून द्या. मराठीत द्या, सासऱ्यांना वाचता यायला हवं."

मी अर्धं पान लिहून, खाली सही करून दिलं. पंधरवड्याने तिचा फोन आला. सासऱ्यांनी पत्र वाचलं, घडी घालून परत दिलं आणि म्हणाले, हाताने काय, कुणीही लिहून देईल. छापून आलेलं असतं तर मानलं असतं.

म्हणून हा लेख. हॉस्पिटलचं नाव दिलेलं नाही, प्रसादचं नाव बदललं आहे. मंगलचं तिच्या सांगण्यावरून तेच ठेवलं आहे. या अंकाची एक प्रत मिरजेला जाईल. मामंजी, आपल्या सुनेच्या पेशी पहिल्याही वेळी पुरेशा होत्या. कमी पडले ते मी. हे आता छापून आलेलं आहे.